ना हरकत

१

सकाळी साडेआठला एकदा आणि संध्याकाळी साडेपाचला एकदा. या दोन वेळा तेवढ्या चुकवायच्या नाहीत. बाकी दिवसभर तुम्ही झोपा काढा नाहीतर स्वेटर विणा, खात्याचं काही म्हणणं नाही, असं हेडक्लार्कनी वहिनींना पहिल्याच दिवशी सांगून टाकलं.

वहिनींना हे नवीन नव्हतं. गावाबाहेरच्या उंचवट्यावरच्या त्या छोट्या वेधशाळेत त्या लग्न होऊन आल्यापासून, म्हणजे एकोणीस वर्षं राहत होत्या. पुढे ऑफिसच्या दोन खोल्या, मागे क्वार्टर, सगळ्यावर मिळून एक सपाट गच्ची. समोर तारेच्या कुंपणात बारीक कापलेलं गवत आणि त्यात चार पायांवर उभी असलेली पांढरी झडपांची पेटी, तिच्या आत तापमापकं. गच्चीवर वाऱ्याची दिशा सांगणारा लोखंडी बाण होता. त्याला तेल कमी पडलं की तो म्हाताऱ्यासारखा कण्हायला लागायचा. आधी सासरे इथे निरीक्षक होते. ते नोकरीतच गेले तेव्हा त्यांच्या जागी अनुकंपा तत्त्वावर त्यांचा मोठा मुलगा, म्हणजे वहिनींचे यजमान, ठकीचे बाबा लागले. आणि गेल्या वर्षी संध्याकाळची नोंद करून उतरताना ठकीचे बाबा जिन्यातच बसले ते उठलेच नाहीत. डॉक्टर म्हणाले, हृदय. अकरा महिने खेटे घातल्यावर तीच जागा आता वहिनींना मिळाली होती. सगळं खातं त्यांना पहिल्यापासून वहिनीच म्हणत आलं होतं. आता त्या सहकारी झाल्या तरी हाक काही बदलली नाही.

अर्ज करायचा ठरला तेव्हा धाकट्या दिरांनी उगाचच मोडता घातला होता. "वहिनी, तुमचं शिक्षण आहे. कुठेही मिळेल नोकरी."

"कुठेही म्हणजे कुठे, भाऊजी? चाळिशीला आलेल्या बाईला कोण बोलावतंय?"

दीर चहाचा कप तसाच ठेवून दुकान उघडायच्या निमित्ताने उठले होते.

तापमान, आर्द्रता, हवेचा दाब, वारा, ढग हे सगळं टिपून झालं की शेवटी दृश्यमानता. गच्चीच्या कठड्याशी उभं राहायचं आणि लांबच्या ठरावीक खुणांपैकी कुठवरच्या दिसतात ते बघायचं. खुणांची यादी जिन्याच्या भिंतीवर टांगलेली होती. पाण्याची टाकी, अर्धा किलोमीटर. वीटभट्टीचं धुराडं, दोन. पूल, चार. विजेचा मनोरा, दहा. डोंगर, वीस.

पहिल्या दिवशी हवा स्वच्छ होती. टाकी, धुराडं, पूल, मनोरा, डोंगर सगळं लख्ख. मनोऱ्याच्या पलीकडे, डोंगराच्या पायथ्याच्या माळावर एक माणूस उभा होता.

वहिनींनी आकडे भरले, तार खात्याच्या जमान्यापासून चालत आलेल्या सांकेतिक अंकांमध्ये ते फोनवरून कळवले, आणि चहा टाकला. चहाला उकळी आली तेव्हा त्यांच्या लक्षात आलं, की दहा किलोमीटरच्या पलीकडचा माणूस माणसाला दिसत नसतो.

२

खांब असेल, असं त्यांनी ठरवलं. ऊन पडलं की खांब माणसासारखा दिसतो. आठ दिवस त्या खांब म्हणूनच त्याच्याकडे बघत होत्या. नवव्या दिवशी खांब मनोऱ्याच्या अलीकडे आला.

त्यांनी माळीकाकांना हटकलं. गवत दोन बोटांवर वाढू द्यायचं नाही एवढंच माळीकाकांचं काम, आणि ते त्यांनी तीन निरीक्षकांच्या हाताखाली इमाने इतबारे केलं होतं.

"काका, तिकडे मनोऱ्यापाशी काही दिसतंय का हो?"

माळीकाकांनी मान वरसुद्धा केली नाही. "मला कुंपणापलीकडचं दिसत नाही बाई. आणि खात्याने मला पगार कुंपणाच्या आतला दिलाय."

"ठकीचे बाबा कधी काही बोलले होते?"

"साहेब वर असले की मी आपला खाली असायचो." एवढं बोलून त्यांनी कात्री गवतात घातली.

त्या दुपारी वहिनींनी कपाटातली जुनी रजिस्टरं काढली. आकड्यांचे रकाने झाले की शेवटी शेऱ्याचा रकाना असतो. गारा पडल्या, वावटळ आली, असलं काही त्यात लिहायचं. नवऱ्याच्या बारीक, उजवीकडे झुकलेल्या अक्षरात तिथे लिहिलेलं होतं: एक, डोंगराशी. पुढच्या वर्षीही तेच. तिसऱ्या वर्षी: एक, मनोऱ्याशी. मग चार वर्षं मनोरा. मग पूल. मग धुराडं. शेवटच्या रजिस्टरात, ज्या पानानंतर अक्षर बदलून बदली माणसाचं झालं होतं त्या पानावर: एक, टाकीच्या अलीकडे.

बदली माणूस शेजारच्या केंद्रातून सायकलने यायचा. त्याच्या अकरा महिन्यांत शेऱ्याचा रकाना कोरा होता.

सासऱ्यांची रजिस्टरं खालच्या कप्प्यात होती. कसर लागलेली, पण अक्षर ठसठशीत. तिथेही डोंगर, मनोरा, पूल, धुराडं, टाकी. सासऱ्यांना सव्वीस वर्षं लागली होती, नवऱ्याला बारा.

वहिनींनी रजिस्टरं होती तशी रचून ठेवली आणि हात धुतले. मग उगाच आणखी एकदा धुतले. एकोणीस वर्षं त्या याच गच्चीवर कपडे वाळत घालत होत्या. ठकीला कडेवर घेऊन याच कठड्याशी उभं राहून त्यांनी तिला चिमण्या दाखवल्या होत्या. या सगळ्या काळात तिकडे मोकळ्या रानाखेरीज त्यांना काहीही दिसलेलं नव्हतं.

३

थंडीच्या दिवसांत एका सकाळी धुकं उतरलं. असं दाट, की कुंपणाची तार दिसेना आणि पांढरी पेटी अंदाजाने शोधावी लागली. वहिनी गच्चीवर गेल्या. टाकी दिसत नव्हती. दृश्यमानतेपुढे शेवटचा, अगदी खालचा अंक लिहायचा आणि खाली यायचं, संपलं. त्यांनी तो लिहिला.

मग त्यांनी मान वर केली. तो होता. कालच्याच जागी, कालच्याएवढाच, ना पुसट ना मोठा. काचेवरच्या डागासारखा स्पष्ट.

वहिनी हिशेबी बाई होत्या. त्यांनी स्वतःशी सरळ विचार केला: अर्ध्या किलोमीटरवरची टाकी दिसत नाही, तर त्याच्या पलीकडचं काहीच दिसता कामा नये. म्हणजे एक तर तो टाकीच्या अलीकडे आहे, पण मग तो एवढा लहान कसा? नाहीतर आपल्या डोळ्यांतच काही बिघाड आहे. दुसऱ्या दिवशी त्या डोळ्यांच्या डॉक्टरकडे जाऊन आल्या. डॉक्टरांनी बाहुल्या मोठ्या करायचं औषध घालून अर्धा तास बसवलं आणि म्हणाले, तुमची नजर विशीतल्या मुलीसारखी आहे.

टेबलाच्या खणात नवऱ्याची दुर्बीण होती. खात्याची नव्हे, त्याने स्वतःसाठी घेतलेली. तिचा पट्टा त्याच्या मानेच्या घामाने काळा पडला होता. त्या संध्याकाळी वहिनींनी ती गळ्यात अडकवली.

माणूसच होता. पँट, शर्ट, साधा. तोंड वेधशाळेकडे. एका हातात काहीतरी चौकोनी धरलेलं. त्याने दुसरा हात उचलून कपाळाशी आडवा धरला, ऊन लागू नये म्हणून धरतात तसा, आणि त्या सावलीतून बघितलं. वहिनी जिथे उभ्या होत्या नेमकं तिथे. मग हात खाली आला, मान खाली गेली, आणि त्याने त्या चौकोनी वस्तूवर काहीतरी लिहिलं. लिहून झाल्यावर पेन्सिल कानावर ठेवली.

ठकीचे बाबा पेन्सिल कानावर ठेवायचे. वहिनींना रडू फुटलं. दुर्बिणीच्या काचा ओल्या झाल्या, त्या त्यांनी साडीला पुसल्या आणि पुन्हा लावल्या. पण सासरेही पेन्सिल कानावरच ठेवायचे. आणि गेल्या आठवड्यात ठकी हसून म्हणाली होती, "आई, तू पण बाबांसारखी कानावर पेन्सिल ठेवायला लागलीस!" चेहरा हाताच्या सावलीत होता, तो दिसला नाही. तो माणूस खरंच त्यांचा नवरा असता, तर त्याने एकदा तरी हात हलवला असता.

त्या खाली आल्या. शेऱ्याच्या रकान्यात काय लिहावं याचा त्यांनी बराच वेळ विचार केला. मग लिहिलं: एक, पुलाशी. जे दिसतं ते लिहायचं, एवढंच तर त्यांचं काम होतं.

त्यानंतर दिवस जातच राहिले. माणसाला कशाचीही सवय होते. वहिनी सकाळी वर जात, तो बघे, त्या बघत, दोघं आपापल्या जागी लिहीत, आणि वहिनी खाली येऊन पोळ्या लाटत.

४

ठकीला अठरावं लागलं तसा हेडक्लार्कचा फोन आला. "वहिनी, तुम्हाला कायम केल्याची ऑर्डर निघतेय. कुटुंबाच्या तपशिलाचा फॉर्म भरून टाका. मुलगी आता सज्ञान झाली, तिचं नाव घाला, तिची सही घ्या."

"कशासाठी लागतं ते?"

"नियमच आहे. देव न करो, पण उद्या काही कमीजास्त झालं तर तुमच्या जागेवर तिचा दावा राहतो. त्या वेळी नाव नसलं की लोक आमच्या नावाने खडे फोडतात."

ठकीने पुस्तकातून डोकं न काढताच सही ठोकली. कॉलेजात पहिलं वर्ष होतं, परीक्षा डोक्यावर होती. वहिनींनी फॉर्म पाकिटात घालून माळीकाकांच्या हाती पाठवून दिला. मनात कुठे शंकेची पालसुद्धा चुकचुकली नाही.

५

त्यानंतर आठवड्याभराने संध्याकाळच्या नोंदीच्या वेळी ठकी धाडधाड जिना चढून वर आली. मोबाइलला खाली रेंज नव्हती. हात उंच करून ती गच्चीभर फिरली, मग कठड्याला टेकली.

"आई, तो माणूस कोण गं?"

वहिनींच्या हातातली पेन्सिल थांबली. "कुठला?"

"तो काय. पुलाच्या या बाजूला. किती वेळ नुसता उभाच आहे." ठकी डोळे बारीक करून बघत होती. "आणि एवढ्या लांबचा दिसतोय कसा? मला तर फळ्यावरचं नीट दिसत नाही."

"गुराखी असेल."

"गुरं कुठायत मग?"

"ठकी, खाली जा. कुकर लावलाय, शिट्ट्या मोज."

ठकी कुरकुरत वळली, पण लगेच गेली नाही. फोनमध्ये काहीतरी आलं होतं, ते वाचत ती दोन पावलांवर उभी राहिली. वहिनींनी दुर्बीण डोळ्यांना लावली. त्याने हात कपाळाशी नेला. त्यांच्याकडे बघितलं. लिहिलं. एरवी इथे पेन्सिल कानावर जायची. आज गेली नाही. त्याने हात पुन्हा कपाळाशी धरला, चेहरा अगदी थोडासा, केसभर, बाजूला वळवला, आणि ठकी उभी होती तिथे बघितलं.

मग मान खाली घालून पुन्हा लिहिलं.

खाली कुकरची शिट्टी झाली. "एक!" ठकी ओरडली आणि जिना उतरून गेली.

६

धाकट्या दिरांचं बाजारात घड्याळदुरुस्तीचं दुकान होतं. एका माणसाला बसता येईल एवढंच. वहिनी सकाळची नोंद उरकून तिथे पोचल्या तेव्हा दीर डोळ्याला भिंग लावून एका घड्याळात डोकावून बसले होते.

"भाऊजी, ठकीला दिसला," वहिनी म्हणाल्या.

कोण, कुठे, काहीही दिरांनी विचारलं नाही. डोळ्यावरचं भिंग काढून टेबलावर ठेवलं. "किती लांब आहे?"

"पुलाच्या अलीकडे."

दिरांनी समोरचं स्टूल पुढे सरकवलं. वहिनी बसल्या. भिंतीवरची घड्याळं निरनिराळ्या वेळा दाखवत टिकटिकत होती.

"बाबा गेले तेव्हा त्यांच्या जागेसाठी आम्ही दोघांनी अर्ज केला होता," दीर म्हणाले. "दादाची कंपनी बंद पडली होती आणि माझं काहीच सुरू झालं नव्हतं. नावं यादीत चढली. मग एकदा आम्ही दोघं टीव्हीची एरियल फिरवायला गच्चीवर गेलो. आधी मला दिसला, मग दादाला. दादा म्हणाला, खांब आहे."

"मग?"

"मग मी दुसऱ्याच दिवशी ना-हरकत लिहून दिली. माझा या जागेवर हक्क नाही, पुढेमागे सांगणार नाही. वकिलाच्या शिक्क्यासकट. घरात सगळ्यांना वाटलं, धाकट्याने मोठ्यासाठी केवढं केलं. आई तर माझ्या गालावरून हात फिरवून रडली." दीर हसायला गेले, पण ते काही जमलं नाही. "त्यानंतर मुद्दाम आठ दिवस गच्चीवर गेलो. दादा बोट दाखवायचा, आणि मला नुसतं रान दिसायचं."

"यांना सांगितलं नाहीत तुम्ही?"

"काय सांगणार होतो वहिनी? घर चालायला कोणीतरी एकाने ती नोकरी धरायलाच हवी होती. मी घाबरलो आणि पाय काढून घेतला, एवढं खरं." ते टेबलावरचे बारीक स्क्रू बोटाने एका रांगेत लावत होते. "तुमच्या वेळी तोंड उघडायला हवं होतं. कोणत्या तोंडाने उघडणार?"

"तो कोण आहे, भाऊजी?"

"मी बघायला थांबलो नाही."

स्क्रूंची रांग पूर्ण झाली. मग दीर हळूच म्हणाले, "ठकीचं नाव काढा. आणि तुम्हीही सोडा. माझ्याकडे राहा दोघी."

वहिनींनी त्या एवढ्याशा दुकानाकडे बघितलं, दिरांच्या झिजलेल्या कॉलरकडे बघितलं. "ठकीची अजून तीन वर्षं आहेत कॉलेजची," त्या म्हणाल्या. "यांना बारा मिळाली होती. मला सहा मिळाली तरी होऊन जाईल."

७

"म्हणजे तुला वाटतं, मला हे जमणार नाही," ठकी म्हणाली. ना-हरकतीचा कागद तिच्यापुढे होता. "दोन वेळा थर्मामीटर बघायला काय अक्कल लागते?"

"जमण्याचा प्रश्न नाही."

"मग? बाबांची जागा आहे ती. आजोबांची आहे. उद्या मला कुठेच काही मिळालं नाही तर निदान एवढं तरी होतं. तेही तू काढून घेतेस. का ते तरी सांग."

वहिनींना खोटं बोलता येत नव्हतं आणि खरं सांगवत नव्हतं. ठकीला नीट सांगितलं तर ती मुद्दाम रोज गच्चीवर जाऊन बसेल, हे त्या ओळखून होत्या. पोरगी बापाच्या वळणावर गेली होती.

"मी आजवर तुझ्याकडे कधी काही मागितलंय?"

ठकी चमकली. आईचा असा आवाज तिने ऐकला नव्हता.

"हे मागतेय. सही कर. चार दिवस बोलू नकोस माझ्याशी, चालेल."

ठकीने सही केली. पेन टेबलावर आपटलं आणि आतल्या खोलीत जाऊन दार लावून घेतलं.

हेडक्लार्कनी कागद दोनदा वाचला, चष्मा कपाळावर चढवला. "वहिनी, लोक इथे नाव घालायला माझे पाय धरतात. एकदा हे फायलीला लागलं की परत निघणार नाही. उद्या तुमच्यानंतर या पोरीला खातं ओळखणारसुद्धा नाही."

"लावा फायलीला," वहिनी म्हणाल्या. "माझ्यासमोर लावा."

हेडक्लार्कनी पंच केलं, दोरी ओवली, गाठ मारली. वहिनी गाठ बसेपर्यंत खुर्चीवरून उठल्या नाहीत.

८

संध्याकाळी सव्वापाचला ठकीच्या खोलीचं दार उघडलं. ती अजून फुगलेलीच होती, पण भूक लागली होती. भाजलेल्या शेंगांची वाटी घेऊन ती जिन्याशी आली.

"वर येतेस?" वहिनींनी विचारलं. 

ठकी खांदे उडवून मागोमाग आली. हवा धुऊन काढल्यासारखी स्वच्छ होती. टाकी, धुराडं, पूल, मनोरा, डोंगर. वहिनींनी सगळं क्रमाने लिहून घेतलं. शेंगा फोडण्याचा आवाज तेवढा येत होता.

"तो तुझा गुराखी नाही आला आज," ठकी म्हणाली. तिची नजर नेमकी पुलाच्या अलीकडच्या रानावर होती.

"नाही आला."

तो तिथेच होता. वहिनींनी दुर्बीण लावली. त्याने हात कपाळाशी धरला, त्यांच्याकडे बघितलं, लिहिलं. मग चेहरा केसभर वळला.  शेजारी ठकीने आणखी एक शेंग फोडली.

त्याने हात खाली घेतला. बोटांच्या सांध्यांनी डोळे चोळले, एक, मग दुसरा. पुन्हा हात कपाळाशी नेला आणि मान पुढे काढून बघत राहिला. बराच वेळ, अगदी बराच वेळ. धुक्यात टाकी शोधताना वहिनी स्वतः अशाच बघत असत. मग तो कागदावर वाकला. पेन्सिल कागदावर नुसती टेकलेली राहिली, हलली नाही.

"मी जाते. अभ्यास पडलाय," ठकी म्हणाली. तिने टरफलं मुठीत गोळा केली, दोन पावलं गेली, आणि वळून म्हणाली, "आई, मी रागावले नाहीये. म्हणजे आहे, पण एवढी नाही."

"बरं."

जिन्यातली तिची पावलं खालपर्यंत पोचली. मग दार लागल्याचा आवाज आला.

वहिनींनी दुर्बीण डोळ्यांवरून काढली. आता ती लागतही नव्हती. त्याने पेन्सिल कानावर ठेवली होती, कागद काखेत मारला होता, आणि पहिल्यांदाच, त्यांच्यादेखत, तो चालत होता. धुराड्याच्या दिशेने, घाई न करता, एकेक पाऊल. थोडं चालून तो थांबला आणि त्याने हात पुन्हा कपाळाशी नेला. रान उन्हाने भरलेलं होतं, त्यामुळे त्याला यांच्याकडे बघताना जरा त्रास होत असावा.

वहिनींनी वाऱ्याने तोंडावर आलेले केस मागे सारले, आणि त्याला नीट दिसावं म्हणून त्या कठड्याशी सरळ उभ्या राहिल्या.